पद रिक्त

बोरखुंट आरोग्य केंद्र, ता. साक्री
८ ऑक्टोबर २०२५

ती. नाना,

नमस्कार. फोनवर तुम्हाला ऐकू येत नाही आणि मोबाइलवरचं तुम्ही वाचत नाही, म्हणून शाळेनंतर पहिल्यांदाच कुणाला तरी पत्र लिहिते आहे. अक्षर डॉक्टरचं आहे, सांभाळून घ्या.

माझा बॉण्ड संपला असं मी समजत होते. सरकारी कॉलेजात एमबीबीएस केलं की एक वर्ष सरकार सांगेल तिथे नोकरी करायची, नाहीतर दहा लाख भरायचे. तुम्हीच जामीनदार म्हणून सही केली होती, तेव्हा हे तुम्हाला नव्याने सांगायला नको. गेल्या वर्षी घटस्थापनेला, ३ ऑक्टोबरला, मी इथे हजर झाले. या दसऱ्याला वर्ष भरलं. परवा धुळ्याला ऑफिसात बॉण्डमुक्तीचा दाखला मागायला गेले, तर क्लार्कने फाइल उघडली आणि वर न बघताच म्हणाला, "मॅडम, तुमचे चार महिने बाकी आहेत."

कारण काय, तर माझी ऑर्डर १० फेब्रुवारीची आहे. ऑक्टोबरात तालुक्याच्या साहेबांनी मला फोनवर सांगितलं होतं, "आधी जाऊन बसा, पेशंट ताटकळलेत, ऑर्डर मागून येईल." मी बसले. ऑर्डर यायला चार महिने लागले. आता ऑफिस म्हणतं, ऑर्डरच्या आधी तिथे कुणी नव्हतं, पद रिक्त होतं. म्हणजे मी ९ फेब्रुवारी २०२६पर्यंत इथेच.

आणि डिसेंबरात एमडीचे प्रवेश आहेत. माझ्या मार्कांना बालरोगाची सीट मिळेल. पण कॉलेजने माझी मूळ प्रमाणपत्रं ठेवून घेतली आहेत, दाखला नेल्याशिवाय देणार नाहीत.

तुम्ही जळगावच्या कोर्टात शिरस्तेदार होता. सांगा, काय करू? मला भांडायची हौस नाही. पुढे जायचं आहे, इतकंच.

तुमची,
मयुरी

---

पिंप्राळा, जळगाव
१३ ऑक्टोबर २०२५

चि. मयुरी,

पत्र दोनदा वाचलं, एकदा तुझ्या काकूला मोठ्याने वाचून दाखवलं. ती म्हणाली, पोरीला एवढं शिकवून जंगलात धाडली आणि वर तिथे नव्हतीच म्हणतात!

भांडायची हौस कुणालाच नसते. पण अर्ज-विनंत्या करत बसशील तर डिसेंबर निघून जाईल. हायकोर्टाच्या खंडपीठात रिट याचिका टाकायची. माझ्या हाताखाली कारकून होता त्या पंडितचा मुलगा हितेंद्र तिथे वकिली करतो. त्याला चिठ्ठी पाठवली आहे. हुशार आहे, फक्त फार भरभर बोलतो, म्हणजे माझ्या काही उपयोगाचा नाही.

तुझं म्हणणं साधं आहे: मी तिथे होते, काम केलं, हे घ्या कागद. म्हणून कागद जमव. हजेरी पुस्तक, ओपीडीचं रजिस्टर, जिथे जिथे तुझी सही आहे ते पान. ऑक्टोबर ते फेब्रुवारी, एकही महिना सोडू नकोस. ही केस हरण्यासारखी नाही. असल्या स्वच्छ केसेस नोकरीत फार थोड्या पाहिल्या.

आणि घाबरू नकोस. तुझ्या बापाला, सुकदेवला, मी सांगतो. त्याची केळीची कापणी चालू आहे, उगाच धुळ्याला धावत येईल आणि ऑफिसात कुणाची तरी गचांडी धरेल.

नाना

---

बोरखुंट
२९ ऑक्टोबर २०२५

ती. नाना,

झेरॉक्स पाठवते आहे. ओपीडी रजिस्टरची पानं आहेत, सगळ्यांवर माझी सही आहे. हजेरी पुस्तक नाही. ते तालुक्याला "तपासणीसाठी" नेलं ते परत आलंच नाही. विचारलं तर म्हणतात, शोधतो.

आमच्या सिस्टर सुगंधाबाई शपथपत्र द्यायला तयार आहेत. बावीस वर्षं इथे आहेत. म्हणाल्या, "मॅडम, पेन्शनपायी आजवर मी कुणाला भीत नव्हते असं नाही, पण आता दोनच वर्षं राहिलीत."

दिवाळीत घरी गेले नाही. रजा मागितली तर साहेब म्हणाले, "तुम्ही आमच्यावर केस टाकताय ना? मग नियमानेच चालू." डॉक्टर मी एकटी आहे. नव्वद-शंभर पेशंट रोज. ज्या ऑफिसच्या लेखी मी तेव्हा नव्हते, त्याला आज मी एक दिवससुद्धा नसलेली चालत नाही.

हितेंद्रभाऊंना सांगा, लवकर करा.

मयुरी

---

पिंप्राळा
७ नोव्हेंबर २०२५

मयुरी,

याचिका दाखल झाली. पण हे पत्र त्यासाठी नाही.

तू पाठवलेली पानं मी तारखेवार लावली. ऑक्टोबर आहे. डिसेंबर आहे, जानेवारी आहे, फेब्रुवारीचे नऊ दिवस आहेत. नोव्हेंबर २०२४ नाही. एकही पान नाही. हितेंद्रच्या लक्षात आलं नाही. माझ्या आलं, कारण आयुष्यभर मी हेच काम केलं.

एकही महिना सोडू नकोस असं मी लिहिलं होतं. तू सोडलास. मला एकच कारण दिसतं. त्या महिन्यात तू तिथे नव्हतीस. ऑर्डर नाही, कुणी विचारणारं नाही, म्हणून पुण्याला परीक्षेच्या क्लासला निघून गेलीस. तुझ्या वयाची चार पोरं तेच करतात हे मला माहीत आहे. पण त्यांच्यासाठी मी कुणाकडे शब्द टाकलेला नाही. सरकारी वकिलाने हा महिना विचारला तर तू काय सांगणार? आणि मी हितेंद्रला काय सांगणार?

खरं असेल ते लिही.

नाना

---

बोरखुंट
१४ नोव्हेंबर २०२५

ती. नाना,

मी पुण्याला गेले नव्हते. नोव्हेंबरचे तीसही दिवस मी इथे होते. तुमचं पत्र वाचून मी फाडणार होते. मग वाटलं, तुमची काय चूक. मीच पान लपवलं.

१९ नोव्हेंबरला सकाळी अकरा वाजता पुना नावाचा माणूस बायकोला घेऊन आला. तिचं नाव बुधीबाई, वय चोवीस, दुसरं बाळंतपण. पाऊण तासात मोकळी झाली. मुलगी, सव्वादोन किलो, चांगली रडली. सुगंधाबाईंनी बाळ पुसून घेतलं आणि तेवढ्यात मी पाहिलं, रक्त थांबत नाही.

जे करायचं ते सगळं केलं. गर्भाशय आवळण्याची इंजेक्शनं दिली, दोन्ही हातांना सलाईन लावलं, पोट दाबून धरलं. पण तिला रक्त द्यायला हवं होतं आणि रक्त धुळ्याला. रुग्णवाहिकेला फोन केला. म्हणाले, दुसरा पेशंट सोडून निघतोच आहोत, वीस मिनिटं. बाहेर पुनाच्या गावाची जीप उभी होती. सुगंधाबाई म्हणाल्या, "मॅडम, जीपमध्येच घालू या." मी म्हटलं, जीपमध्ये ऑक्सिजन नाही, झोपवता येणार नाही, वीस मिनिटं थांबू. वीस मिनिटांनी पुन्हा फोन केला. पुन्हा म्हणाले, निघालोच. चाळीस मिनिटं मी थांबले, नाना. मग जीपमध्येच घातलं. मी मागे तिच्याजवळ बसले होते, हात तिच्या पोटावर. धुळं बारा किलोमीटर राहिलं असताना ती गेली.

दुसऱ्या दिवशी तालुक्याचे साहेब आले. माझ्याशी चांगलं वागले. चहा मागवला. म्हणाले, "तुमची ऑर्डर अजून निघालेली नाही ना? बरं झालं. अहवालात लिहितो, पद रिक्त होतं, प्रसूती सिस्टरने केली. तुमचं नाव कुठेच येणार नाही. कोवळ्या वयात कशाला डाग लावून घेता?" जाताना हजेरी पुस्तक घेऊन गेले. सुगंधाबाई काही बोलल्या नाहीत. मीही बोलले नाही. खरं सांगायचं तर मला बरं वाटलं होतं.

तोच अहवाल आज ऑफिस माझ्यासमोर धरतंय. पद रिक्त होतं. ज्या अहवालाने माझं नाव वाचवलं, त्यानेच माझे चार महिने गेले. आता मी होते म्हटलं तर त्या दिवशीही होते. नोव्हेंबर वगळून केस जिंकता येईल असं वाटलं होतं. तुम्ही पानं मोजाल हे विसरले.

आईला, बाबांना यातलं काही माहीत नाही.

मयुरी

---

पिंप्राळा
१९ नोव्हेंबर २०२५

चि. मयुरी,

क्लासला पळालीस असं मी लिहिलं, ते मागे घेतो. कोर्टात पान बदलता येतं, तुझ्याकडे गेलेलं पत्र बदलता येत नाही. वाईट वाटतं.

आता नीट ऐक. याचिका मागे घे.

हे मी लिहितोय याचं मलाच आश्चर्य वाटतं. पण नोव्हेंबर आत घेतलास तर तू शपथेवर सांगणार की मृत्यूच्या वेळी मी ड्युटीवर होते. चौकशी पुन्हा उघडेल. वैद्यकीय परिषदेपर्यंत तक्रार जाऊ शकते. आणि नोव्हेंबर बाहेर ठेवून शपथपत्र करशील तर ते अर्धं खोटं, त्यावर मी तुला सही करू देणार नाही. तेव्हा तिसरा मार्ग. फेब्रुवारीपर्यंत काढ. अडीच महिने राहिलेत. सीट पुढच्या वर्षी मिळेल. जन्मभराची डॉक्टरी त्यापेक्षा मोठी.

शिरस्तेदार असताना लोकांना मी हेच सांगायचो, की केस खरी असणं आणि केस चालवणं परवडणं या दोन गोष्टी आहेत. सांगताना मला कधी लाज वाटली नाही. आज वाटते आहे. तरी सांगतो.

तुझ्या काकूला फक्त एवढंच सांगितलं की मयुरीला त्रास आहे. तिने शेवेचे लाडू करायला घेतले. पार्सल येईल.

नाना

---

बोरखुंट
२ डिसेंबर २०२५

ती. नाना,

लाडू मिळाले. सुगंधाबाईंनी निम्मे नातवाला नेले.

मी मागे घेणारच होते. हितेंद्रभाऊंना मेसेजही लिहून ठेवला होता. शुक्रवारी पुना आला. मुलीला वर्षाचा डोस द्यायचा होता. आजी कडेवर घेऊन मागे उभी. गेल्या आठवड्यात त्यांच्या गावच्या ग्रामसभेत कुणीतरी आरोग्याचा अहवाल वाचून दाखवला, त्यात त्याच्या बायकोचं नाव होतं. तो रांगेतून पुढे आला आणि सगळ्यांसमोर मला म्हणाला, "कागदवर डाक्टर नव्हता असं लिखेल शे. मंग तू कोन व्हती, बाई?"

चिडून नाही म्हणाला. त्याला खरंच कळत नव्हतं. तो म्हणाला, गावात लोक त्यालाच बोलतात की डॉक्टर नसलेल्या दवाखान्यात बायकोला कशाला नेलंस. सासरे म्हणतात, आमची पोर तू मारलीस. वर्षभर तो सांगतोय की डॉक्टर होती, जीपमध्ये शेजारी बसली होती, आणि आता सरकारचा कागद म्हणतो, नव्हती.

मी त्याला म्हटलं, मी होते. रांगेतले सगळे ऐकत होते. बाळाला डोस दिला. मग रांगेतले पेशंट तपासून संपवले आणि रजिस्टर काढून नोव्हेंबरची पानं फोटो काढून हितेंद्रभाऊंना पाठवली. सगळी. एकोणीस तारखेचंही.

तुम्ही रागवाल. माझा हिशेब सोपा आहे, नाना. साहेबांनी मला वाचवलं असं मला वाटत होतं. त्यांनी पुनाला माझ्या जागी उभं केलं. चौकशी होऊ दे. चाळीस मिनिटं का थांबलीस हे मला वर्षभर कुणी विचारलेलंच नाही. मी एकटीच स्वतःला विचारते आहे.

सीटचं पत्र आलं. बालरोग मिळालं. मूळ कागदपत्रांसह हजर राहायची शेवटची तारीख २४ डिसेंबर. तुम्ही १९ तारखेला खंडपीठात जाल का? मला रजा मिळणार नाही.

मयुरी

---

पिंप्राळा
२० डिसेंबर २०२५

चि. मयुरी,

गेलो होतो. रागावलो नाही. आधी दोन दिवस रागावलो, मग जायची बॅग भरली.

मला ऐकू येत नाही म्हणून हितेंद्रने पहिल्या बाकावर बसवलं. आपला नंबर सव्वाचारला लागला. सरकारी वकील उठल्या, दोन वाक्यं बोलल्या, खाली बसल्या. हितेंद्र बराच वेळ बोलला, हातात तुझं शपथपत्र हलवत होता. न्यायमूर्तींनी एक पान वाचलं, पुन्हा वाचलं, सरकारी वकिलांकडे पाहिलं. मला वाटलं, झालं काम. मग सगळे कागद बांधायला लागले. हितेंद्रने माझ्या वहीवर लिहिलं: "खात्याकडून सूचना आलेल्या नाहीत, उत्तराला मुदत मागितली. मिळाली. पुढची तारीख १६ जानेवारी."

मी बोट दाखवून विचारलं, २४ डिसेंबर? त्याने लिहिलं: "सांगितलं मी. कागदपत्रं तात्पुरती सोडा अशी मागणीही केली. उत्तर आल्यावर बघू म्हणाले."

ऑफिसला ही याचिका पोचून महिना झाला. महिनाभरात त्यांना एक पान लिहिता आलं नाही. मी अशा मुदती हजारांनी लिहून घेतल्या आहेत, मयुरी. बोर्डावर तारीख टाकायची आणि पुढची फाइल घ्यायची. बाकावर कोण बसलंय ते वर मान करून कधी पाहिलं नाही. काल बाकावर मी होतो.

कॉलेजला विनंती अर्ज कर, माझी आशा नाही.

नाना

---

बोरखुंट
२६ डिसेंबर २०२५

ती. नाना,

अर्ज केला. तीन फोन केले. २४ला संध्याकाळी पाच वाजता वेबसाइटवर माझ्या नावापुढे "अनुपस्थित" आलं.

त्या वेळी मी एका सर्पदंशाच्या पेशंटजवळ उभी होते. हजर होते.

आता काही लिहवत नाही.

मयुरी

---

फैजपूर
६ एप्रिल २०२६

ती. नाना,

पुढच्या आठवड्यात भेटायला येणारच आहे. पण भेटीत मला तुमच्या कानाशी ओरडावं लागतं, आणि हे ओरडून सांगण्यासारखं नाही, म्हणून आधी लिहिते.

निकालाची प्रत तुम्ही वाचलीत. आपण जिंकलो. ३ ऑक्टोबरपासूनची सेवा धरावी, दाखला ताबडतोब द्यावा, मृत्यूची फेरचौकशी करावी. निकाल ४ फेब्रुवारीचा. ऑफिसच्या हिशेबाने माझा बॉण्ड ९ फेब्रुवारीला तसाही संपत होता. तेव्हा खंडपीठात जाऊन मी पाच दिवस वाचवले. आणि दाखला हातात पडला १७ला, कारण सही करणारे साहेब प्रशिक्षणाला गेले होते. क्लार्क तोच. म्हणाला, "अभिनंदन, मॅडम." मला त्याच्या टेबलावरचा पेपरवेट भिरकावून द्यावासा वाटला. थँक्यू म्हटलं आणि बाहेर आले.

चौकशी मार्चमध्ये धुळ्याला झाली. समितीत तीन डॉक्टर होते. सुगंधाबाईंनी सगळं सांगितलं, जीप त्यांनी आधी सुचवली होती हेसुद्धा. सांगताना माझ्याकडे बघत नव्हत्या. मी म्हटलं, खरं आहे. महिनाअखेर निष्कर्ष मिळाला: वैद्यकीय अधिकारी हजर होत्या, उपचार योग्य होते, रुग्णवाहिका वेळेत मिळाली नाही, तथापि उपलब्ध वाहनातून रुग्णास हलवण्यास विलंब झाला. मला लेखी समज. "पद रिक्त" कुणी लिहिलं, त्याबद्दल "स्वतंत्रपणे कळवण्यात येईल". ते साहेब मे महिन्यात निवृत्त होतात. कळवतील तेव्हा कळवतील.

तो कागद घेऊन मी पुनाकडे गेले. फोनवर सांगायची गोष्ट नव्हती. त्याच्या सासऱ्यांना बोलावून घ्यायला सांगितलं आणि ओटीवर बसून वाचून दाखवला. "हजर होत्या" हे वाक्य म्हाताऱ्याने दोनदा वाचायला लावलं. मग तो उठून जावयाजवळ जाऊन बसला. एवढंच केलं.

विलंबाचं वाक्यही मी वाचलं. पुना ऐकत होता. मला पोचवायला फाट्यापर्यंत आला आणि बस दिसल्यावर म्हणाला, "तवयच जीप निंघती, ते ती वाचती का?"

मी म्हटलं, "माहीत नाही. वाचली असती, कदाचित."

त्याने मान हलवली. बस थांबली, मी चढले. मी खिडकीतून पाहिलं तेव्हा तो पाठ करून चालायला लागला होता. मला त्याने माफ केलं की नाही, माहीत नाही. विचारायचा मला हक्कही नव्हता.

आता घरी आहे. आई-बाबा, दोघांना सगळं सांगितलं. बाबा दोन दिवस मळ्यातच राहिले, तिसऱ्या दिवशी माझ्या अभ्यासाच्या टेबलाला नवीन पंखा लावला. ऑगस्टमध्ये पुन्हा परीक्षा. पुन्हा तीच पुस्तकं उघडली की हात थांबतो, राग येतो, आणि वाचते.

आज सकाळी एक फोन आला. मुलगी रडवेल्या आवाजात बोलत होती. प्रियल नाव, चाळीसगावच्या कापडवाल्या पारसमलजींची मुलगी, नुकती इंटर्नशिप संपलेली. बोरखुंटहून बोलत होती. सुगंधाबाईंनी माझा नंबर दिला होता. म्हणाली, "मॅडम, माझी ऑर्डर अजून निघाली नाही. साहेब फोनवर म्हणाले, आधी जाऊन बसा, मागून येईल. काय करू?"

नाना, मी दीड वर्षात जे शिकले ते सगळं तोंडाशी आलं. म्हटलं, "अजिबात बसू नकोस. आत्ताच्या आत्ता परत फिर. ऑर्डर हातात पडल्याशिवाय त्या खुर्चीला हातसुद्धा लावू नकोस."

ती म्हणाली, "बाहेर सत्तावीस जण बसलेत. एक बाई भरल्या दिवसांची आहे."

मागून पोरांचं रडणं ऐकू येत होतं. सुगंधाबाई कुणालातरी रांगेत बसा म्हणून ओरडत होत्या.

मी म्हटलं, "हजेरी आजच्या तारखेने लाव. पानाचा फोटो काढून स्वतःलाच मेल कर, रोज. साहेबांना लेखी कळव की मी आज हजर झाले, आणि पोच घे. गावातल्या एका जीपवाल्याचा नंबर आत्ताच घेऊन ठेव." ती लिहून घेत होती. मग मी म्हटलं, "आणि त्या भरल्या दिवसांच्या बाईला आधी आत घे."

तुमची,
मयुरी